ट्रॉलरवरची झोप

आज मननासाठी एक साधी गोष्ट घेऊ. ट्रॉलरवरचा खलाशी झोपतो केव्हा? मासेमारीतलं तंत्रज्ञान म्हटलं की उपग्रह, सोनार, विंच अशी भारदस्त नावं पुढे येतात. झोपेचं नाव कुणी काढत नाही. पण या यंत्रांनी माणसाला काय दिलं आणि त्याच्याकडून काय नेलं, हा हिशेब मला तरी झोपेपाशीच लागतो. घाई नाही. एकेक गोष्ट हाती घेऊ, तिच्यापाशी थांबू, मग पुढच्या गोष्टीकडे जाऊ.

स्वस्थ बसा. पाठ टेकली तरी चालेल. डोळ्यांसमोर रत्नागिरीचं मिरकरवाडा बंदर आणा. ऑक्टोबरची संध्याकाळ आहे. बोटी एकमेकींना इतक्या खेटून उभ्या आहेत, की एकीवरून दुसरीवर पाय टाकत जाता येईल. धक्क्यावर यंत्रात बर्फाच्या लाद्या फुटताहेत आणि तो चुरा बोटीच्या खणात कोसळतोय. कुणी डिझेलची नळी सांभाळतंय, कुणी तांदूळ, कांदे-बटाटे, पाण्याचे कॅन आत घेतंय. पलीकडे रत्नदुर्ग, भगवतीचं देऊळ, दीपगृह. एका ट्रॉलरचे दोर सुटतात. बोट चालवणारा तांडेल केबिनमध्ये, सहा-सात खलाशी डेकवर. तुम्हीही चढा. एका कडेला उभे राहा, कुणाच्या पायात येऊ नका.

आधी नुसतं ऐका.

आत्ता तुमच्या खोलीत पंखा चालू असेल. मी म्हटल्यावर त्याचा आवाज ऐकू आला. तोवर तो तुमच्या लेखी नव्हताच. बोटीवरचं इंजिन असं विसरता येत नाही. ते कानाआधी तळपायांना कळतं, मग गुडघ्यांना, मग दातांना. बोलायचं तर ओरडून बोलावं लागतं, म्हणून बरीचशी कामं खुणेनंच होतात. झोपायची फळी बहुधा याच इंजिनाच्या वर किंवा शेजारी. डिझेलचा वास तिथल्या पांघरुणातही असतो.

आता हा आवाज मनातल्या मनात बंद करा आणि शिडाची होडी आठवा. कोकणच्या किनाऱ्यावर पहाटेच्या मतलई वाऱ्यानं होडी बाहेर काढायची आणि दुपारनंतर खारा वारा सुटला की त्याच्यावर परत यायचं. वारा पडला तर? थांबायचं. वल्ही मारून मारून किती मारणार? मग गप्पा व्हायच्या, विड्या ओढल्या जायच्या, कुणी आडवा व्हायचा. त्या काळाचे गोडवे मला गायचे नाहीत. वारा पडल्यावर उपाशी राहिलेली घरंही होती, आणि भलत्या वाऱ्यात सापडून परत न आलेल्या होड्याही होत्या. एवढंच लक्षात घ्या, की वारा हे थांबण्याचं एक कारण होतं. इंजिन आलं आणि ते कारण गेलं.

पुढे जाऊ तसं हेच शोधत राहा. प्रत्येक नव्या यंत्रापाशी थांबून विचारा : यानं थांबण्याचं कोणतं कारण काढून घेतलं?

आपला तळहात समोर धरा. बोटांची पेरं बघा. ओला दोर मुठीतून सरकला की इथेच सोलवटतं, आणि खाऱ्या पाण्यात त्याची खपली धरत नाही. हातानं जाळं ओढायचं तर जाळ्याचा आकार हातांच्या संख्येवर ठरतो. सिंधुदुर्गातली गाबित मच्छीमारांची रापण पाहिली असेल तर हे पटकन कळेल : समुद्रात अर्धवर्तुळ करून सोडलेलं जाळं किनाऱ्यावरून दोन बाजूंनी पन्नास-साठ माणसं ओढतात. ओढणारे दमले की काम थांबतं.

ट्रॉलरचं गणित निराळं. जाळं पिशवीसारखं, मागे निमुळतं होत गेलेलं. त्या शेवटच्या भागाला खोळ म्हणतात. जाळ्याचं तोंड उघडं राहावं म्हणून दोन्ही बाजूंना जड फळ्या. बोट पुढे जाते तशा पाण्याच्या दाबानं त्या फळ्या एकमेकींपासून दूर ढकलल्या जातात आणि तोंड फाकतं. तळ वीस वाव खोल असेल तर तारेचा दोर साधारण शंभर वाव सोडावा लागतो, कारण जाळं सरळ खाली लोंबायला नको, मागे तळाला टेकून सरकायला हवं. एवढ्या वजनाची तार हातानं ओढणं कुणाच्या बापाला जमणार नाही. म्हणून विंच. ड्रम फिरतो, तार गुंडाळली जाते, जाळं वर येतं. खांदे वाचले. त्याचबरोबर हाताला नवा धोका चिकटला : सैल बाही, गमबूटात गुंतलेला दोर, एका क्षणाचं दुर्लक्ष. माणूस दमला की दोर ओढताना त्याचे हात आपोआप मंद व्हायचे. विंचला तशी मंदावण्याची सोय नाही. खलाशी कितीही पेंगुळलेला असो, ड्रम त्याच वेगानं फिरतो.

इथे जरा थांबा. दमलेलं शरीर हेही थांबण्याचं कारण होतं. ते गेलं नाही, शरीर अजून दमतंच. पण आता त्या दमण्याला कुणी विचारत नाही.

तळ खरवडणाऱ्या जाळ्याबद्दलची तक्रार ट्रॉलरहून कितीतरी जुनी आहे. १३७६ साली इंग्लंडमध्ये तिसऱ्या एडवर्ड राजाकडे अर्ज गेला होता, की काही लोकांनी बारीक आसाचं, म्हणजे बारीक छिद्रांचं, एक जाळं काढलंय, ते तळावरून ओढतात, त्यात पोरसवदा मासे मरतात आणि तळाचं सगळं रान उखडतं. तेव्हा शिडंच होती. पुढे वाफ आली, डिझेल आलं, तक्रारीचा मजकूर फारसा बदलला नाही. आपल्याकडे १९५२च्या करारानं केरळात नीण्डकरा इथे नॉर्वेच्या मदतीचा प्रकल्प सुरू झाला, तो लहान मच्छीमाराला यांत्रिक होडी मिळावी म्हणून. साठच्या दशकात कोळंबीला परदेशात भाव आला आणि बघता बघता ट्रॉलर वाढले. सत्तरच्या दशकात गोव्यात रापणकार ट्रॉलरविरोधात रस्त्यावर उतरले. १९८१ साली महाराष्ट्राचा सागरी मासेमारी कायदा आला. ट्रॉलच्या खोळीला ४० मिलिमीटरचा चौकोनी आस असावा हा नियम त्यानंतर बऱ्याच वर्षांनी आला. चौकोनीच का? शंकरपाळ्याच्या आकाराचा आस ताण पडला की मिटतो, चौकोनी उघडा राहतो, आणि लहान मासा निसटतो. साधी युक्ती आहे. ती पाळली जाते का, हे बाजारात जाऊन बोटभर पापलेटांच्या वाट्यांकडे पाहिलं की कळतं. त्याच पापलेटला २०२३ साली राज्यमासा म्हणून मान दिला आहे.

आता जाळं वर आलंय. या जागी मला तुम्हाला जास्त वेळ थांबवायचं आहे.

रात्रीचे दोन. डेकवर दिव्यांचा पांढरा उजेड, त्यापलीकडे काहीही दिसत नाही. खोळ कप्पीवर टांगून डेकवर घेतली जाते, पाणी गळतंय. एक खलाशी वाकून खोळीची गाठ खेचतो आणि बाजूला उडी मारतो. ढीग कोसळतो. त्यात बांगडा आहे, राणी मासा आहे, म्हाकुल आहे, कोळंबी आहे, लेपा आहे, खेकडे आहेत, शंख आहेत. शिंगाळ्याचा काटा आहे, पाकटाचं शेपूट आहे. जेलीफिशचा बुळबुळीत गोळा आहे, प्लॅस्टिकची पिशवी आहे. ढीग हलतोय.

खलाशी उकिडवे बसतात आणि निवडायला लागतात. काहींच्या हातात मोजे, काहींच्या नाहीत. मोज्यातून कोळंबीची जात कळत नाही असं सांगतात. मोठी कोळंबी एका क्रेटमध्ये, बारीक दुसऱ्यात. म्हाकुल वेगळं, त्याची शाई दुसऱ्या मासळीला लागायला नको. मधेच एखादा समुद्री साप निघतो. कोकणच्या ट्रॉलमध्ये ते नेहमीचे आहेत. अनुभवी माणूस शेपटीला धरून त्याला पाण्यात भिरकावतो आणि पुन्हा निवडायला बसतो, चेहऱ्यावर काही नाही. हा साप जहाल विषारी असतो आणि आपल्याकडे सर्पदंशावर जी लस मिळते ती याच्या विषावरची नाही. जवळचं रुग्णालय काही तासांवर. कधी कासव येतं. कासवासाठी जाळं कापावं लागलं तर २०१८पासून राज्य सरकार २५ हजार रुपयांपर्यंत भरपाई देतं. हा मला आपल्या सरकारच्या फार चांगल्या निर्णयांपैकी एक वाटतो.

हे निवडणं मनात नीट धरा. या बोटीवर उपग्रहाशी बोलणारं यंत्र आहे. तळाचा नकाशा काढणारं यंत्र आहे. पण ढिगातून कोळंबी वेगळी काढायला तीच दहा बोटं आहेत जी शिडाच्या होडीवर होती. उलट काम वाढलंय. पूर्वी जी बारीकसारीक मासळी लगेच समुद्रात टाकून देत, तिला आता मत्स्यचूर्णाचे कारखाने विचारतात. म्हणजे तीही गोळा करायची, भरायची, आणायची. यंत्राच्या खरेदीत पैसा तिथे जातो जिथे जास्त मासा सापडतो. उकिडवं बसून दुखणाऱ्या गुडघ्यांवर खर्च करून मासा वाढत नाही.

निवडून झालं की मासळी खाली बर्फात. बर्फाबद्दल थोडक्यात : मासा नासतो, हे संध्याकाळी घरी परतण्याचं सगळ्यात पक्कं कारण होतं. खणात टनांनी बर्फ आला आणि फेरी एका दिवसाची आठ-दहा दिवसांची झाली.

केबिनमध्ये डोकावा. तांडेल खुर्चीत बसलाय, चेहऱ्यावर पडद्याचा निळा उजेड.

त्याच्या समोरच्या यंत्रातून खाली आवाज जातो. समुद्राच्या पाण्यात आवाज सेकंदाला सुमारे दीड हजार मीटर धावतो. तळ तीस मीटरवर असेल तर आवाज जाऊन परत यायला सेकंदाचा पंचविसावा भाग लागतो. तेवढ्यात पडद्यावर तळाची जाड रेघ उमटते आणि तिच्यावर माशांच्या थव्याचा डाग. एके काळी याच माहितीसाठी शिशाचं वजन दोरीला बांधून खाली सोडत आणि त्याला चिकटून आलेली माती बोटांनी चोळून बघत. ढोमा, घोळ या कुळातले मासे पाण्याखाली आवाज काढतात. वल्हं पाण्यात उभं धरून त्याच्या दांड्याला कान लावणारे आणि खाली काय आहे ते सांगणारे म्हातारे आशियाच्या अनेक किनाऱ्यांवर होते.

जागा ओळखण्याचंही तसंच. देवळाचा कळस अमुक डोंगराच्या खांद्यावर आला, दीपगृह तमुक टोकाच्या रेषेत आलं, की इथे खडक आहे, जाळं फाटेल. ही जोडी बापानं मुलाला दाखवायची. आता जीपीएसमध्ये ठिपका साठवतात. प्रत्येक तांडेलाचे आपले ठिपके, आणि ते कुणाला दाखवायचे नाहीत हा अलिखित नियम. हैदराबादच्या ‘इन्कॉइस’ या संस्थेकडून समुद्राच्या पृष्ठभागाचं तापमान आणि हरितद्रव्य उपग्रहानं मोजून, मासे कुठे असू शकतील याची सूचना मिळते. ती मोबाइलवर येते, बंदरावरच्या फलकावरही लागते. मला यात हळहळण्यासारखं काही दिसत नाही. माती चोळून तळ ओळखणाऱ्यालाही हा पडदा मिळता तर त्यानं तो घेतलाच असता. पण आपला प्रश्न विसरू नका. धुकं पडलं, रात्र झाली, किनारा दिसेनासा झाला की काम थांबायचं, कारण आपण कुठे आहोत हेच कळायचं नाही. ते कारण या पडद्यानं पुसलं. काहींनी तर अंधारच कामाला लावला : पाण्यावर झगझगीत एलईडी दिवे सोडून मासे गोळा करायचे. केंद्र सरकारनं नोव्हेंबर २०१७मध्ये या प्रकारावर बंदी घातली. बंदीनंतरही रात्री किनाऱ्यावरून ते दिवे दिसल्याच्या तक्रारी पारंपरिक मच्छीमार करतच आले आहेत.

केबिनच्या भिंतीवर अजून एक यंत्र आहे, बोलण्याचं. त्याच्याकडे वेगळ्या आदरानं बघायला हवं.

१९६८च्या सुरुवातीला इंग्लंडच्या हल बंदरातले तीन ट्रॉलर सुमारे महिन्याभरात बुडाले. ५८ माणसं गेली. त्यांतल्या एका बोटीवर रेडिओ चालवणारा माणूसच नव्हता, त्यामुळे तिच्या मौनाची काळजी करायला लोकांना कितीतरी दिवस लागले. मासळीच्या कारखान्यात काम करणाऱ्या लिलियन बिलोका या खलाशाच्या बायकोनं डोक्याला रुमाल बांधलेल्या बायकांचा मोर्चा काढला, हजारो सह्या गोळा केल्या, मंत्र्यांना गाठलं, आणि रेडिओ चालवणारा माणूस असल्याशिवाय बोट सुटणार नाही हे मान्य करून घेतलं. यंत्र उपलब्ध होतं. ते वापरणाऱ्या माणसाचा पगार कुणाला नको होता, एवढीच अडचण होती.

आपल्याकडची गोष्ट नोव्हेंबर २०१७च्या अखेरची. ओखी वादळ उठलं तेव्हा केरळ-तमिळनाडूच्या कित्येक बोटी आठवडाभराच्या फेरीवर खोल समुद्रात होत्या. त्यांच्यापर्यंत इशारा पोचवायला साधनच नव्हतं. अनेक जण परतले नाहीत. वाऱ्यासोबत उत्तरेकडे आलेल्या ६८ बोटी आणि ९५२ माणसं आपल्या सिंधुदुर्गात, देवगडला लागली. त्याआधी २००८ साली पोरबंदरची ‘कुबेर’ ही बोट दहशतवाद्यांनी ताब्यात घेतली, तिच्यावरच्या माणसांना मारलं आणि मुंबई गाठली. तेव्हापासून बोटींची नोंद, रंग, खलाशांची ओळखपत्रं या सगळ्याकडे सरकार संशयानं आणि काळजीनं बघायला लागलं. ऑगस्ट २०२४मध्ये पालघरला जो राष्ट्रीय कार्यक्रम सुरू झाला, त्यात एक लाख बोटींवर इस्रोनं घडवलेले ट्रान्सपाँडर बसवायचे आहेत. मोबाइलची रेंज संपते तिथूनही त्यावरून छोटा संदेश जातो-येतो, संकटात हाक देता येते.

या यंत्राला मी मनापासून नमस्कार करतो. त्याच्यावर शंका घ्यायची नाही. पण क्षणभर हेही बघा, की समुद्रात गेलेला माणूस पूर्वी किनाऱ्याच्या हुकमाबाहेर जायचा. आता तारेसारखा एक धागा राहिला. त्यावरून वादळाची खबर येईल. बाजारात म्हाकुलाचा भाव चढलाय, अजून दोन दिवस थांबा, हेही येऊ शकेल.

चला, आता झोपेकडे. डेकवरून खाली उतरा आणि त्या फळीवर आडवे व्हा.

जाळं पाण्यात आहे. ते अडीच-तीन तासांनी वर येणार. पण सोडून झाल्याबरोबर लगेच आडवं होता येत नाही : आधीचा ढीग निवडायचा आहे, धुवायचा आहे, बर्फात लावायचा आहे, डेकवर पाणी मारायचं आहे. त्याला दीड-दोन तास. कुणीतरी भात टाकलाय, तो खायचा. उरला तासभर. अंगावरचे कपडे ओलेच. डोळा लागतो न लागतो तोच इंजिनाचा आवाज बदलतो, वेग कमी होतो, वरून हाक येते. पुन्हा विंच, पुन्हा ढीग. दिवसाही हेच, रात्रीही हेच, फेरी संपेपर्यंत. मनानं तिथे पडून राहा आणि ती हाक येऊ द्या. एकदा आली. उठा. पुन्हा पडा. परत आली.

हा खलाशी कोण आहे, तेही बघा. मिरकरवाड्यात, हर्णैला, मालवणला आज डेकवर नेपाळी भाषा ऐकू येते. ज्या देशाला समुद्र नाही तिथली मुलं आपल्या समुद्रात जाळी ओढताहेत. ऑगस्टमध्ये ती यायला उशीर झाला की बोटी बंदरातच अडकून पडतात. बरेच जण हंगामाआधी उचल घेऊन येतात. उचल फिटेपर्यंत नको म्हणणं सोपं नसतं. मालकाचंही सोपं नाही : फेरीच्या खर्चात सगळ्यात मोठा वाटा डिझेलचा, बोटीवर कर्ज, आणि इंजिन जितकं मोठं तितका परतीचा मासा जास्त हवा. तो वाईट माणूस असायची गरजच नाही.

थांबण्याचं एक कारण मात्र कायद्यानं टिकवलं आहे. १ जून ते ३१ जुलै, ६१ दिवस, पश्चिम किनाऱ्यावर यांत्रिक मासेमारी बंद. पूर्वी हे खवळलेला समुद्रच सांगायचा, आता शासनाचा आदेश सांगतो. मासे विणीच्या काळात वाचतात, बोटींची डागडुजी होते, नारळीपौर्णिमेला समुद्राला नारळ देऊन नवा हंगाम धरतात. त्या दोन महिन्यांत खलाशी झोपतो का? कोकणातला गावी जातो आणि भाताच्या लावणीला उभा राहतो. नेपाळातला घरी जातो. तिकडेही लावणी याच दिवसांत असते. गुडघे इथे उकिडवे, तिथे चिखलात.

आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेनं २००७ साली मासेमारीतल्या कामाबद्दल १८८ क्रमांकाचा करार केला. तीन दिवसांहून जास्त समुद्रात राहणाऱ्या बोटीवरच्या माणसाला चोवीस तासांत किमान दहा तास आणि आठवड्यात किमान ७७ तास विश्रांती मिळाली पाहिजे, असं त्यात लिहिलं आहे. आपल्या राज्याच्या मासेमारी कायद्यात आणि नियमांत आसाचा आकार आहे, किनाऱ्यापासूनचं अंतर आहे, बंदीच्या तारखा आहेत. खलाशाच्या विश्रांतीचा एकही तास नाही. १८८ क्रमांकाचा तो करार भारतानं अजून स्वीकारलेला नाही.